ठमीचं पदक

"माज्या खेचराला पन ठमीच म्हनतो गो. तुज्यावानीच तिरकी नजर हाय तिची!" फौजेतून शेवटच्या रजेवर आलेला भागोजी बायकोला असं म्हणून हसला होता. ते हसू ठमाबाईच्या कानात अजून ताजं होतं. भागोजी लढाईत इटलीच्या डोंगरातच कायमचा राहिला. पदक मिळालं ते खेचराला.

पोलादपूरच्या वरच्या वाडीत दिवाळीच्या पाडव्याला बैल धुऊन, शिंगं रंगवून ओवाळायला उभे केले होते. यंदा भागोजीच्या पलटणीतल्या सुभेदारांनी त्या रांगेत ठमी खेचराची तसबीर मांडली आणि म्हणाले,

"धनी गोळी लागून पडला, पण हे जनावर थांबलं नाही. दारूगोळा डोंगरमाथ्यावर पोचवलाच! वैनी, पहिली ओवाळणी तुमची."

ठमाबाईने हातातलं तबक खाली ठेवलं.

"नाय थांबली, म्हनूनच नाय ओवाळायची. दोन घडी थांबली असती, तर तिच्या पाठीवर घालून आनला असता त्याला कोनीतरी. त्याच्या राखेची पन धनी नाय झाले मी."

महिपत बैलाच्या शिंगाला गोंडा बांधत होता. फौजेत खेचरांच्या रांगेत तो भागोजीच्या मागोमाग चालायचा, आणि परत आल्यापासून दर पावसाळ्यात न सांगता ठमाबाईचं शेत नांगरून द्यायचा. गोंड्याची गाठ त्याच्या हातात तशीच राहिली.

"थांबली होती, वैनी," तो म्हणाला. "भागोजी जित्ता होता. ती त्याला सोडून हलेना. मीच बडवून बडवून वर नेली तिला."