भजनी मंडळाचा ग्रुप

शेजारच्या धनश्रीची घोडेगावची सोयरीक मोडली, त्या रागात तिथल्या मुलानं तिचा खाजगी व्हिडिओ पसरवला. पोरीनं अन्नच टाकलं. माझा गुरुवार होता, तरी मी म्हटलं, "तू घास घे बाई, मी उपास सोडते."

इतक्यात आमच्या भजनी मंडळाच्या ग्रुपवर पुष्पावतीताईंचा निरोप आला. "धनश्री आपलीच लेक हाय. तिचा व्हिडिओ आला तर बघू नका, लगेच डिलीट करा." खाली सगळ्या बायांनी हात जोडले. धनश्रीनं माझ्या मोबाईलवर ते वाचलं, डोळे पुसले आणि ताट पुढं ओढलं.

मोबाईल अजून तिच्याच हातात होता, तेव्हा ग्रुपवर छबूबाईंनी विचारलं, "पण ताई, कोन्चा डिलीट करायचा?"



सगळ्यांना ओळखता यावा म्हणून ताईंनी तो लगेच ग्रुपवर टाकला.