तिघांचं आधण

प्रमोदिनीबाई गेल्या आणि अरुणाला एकटीला चहा करता यायला लागला.

आधी यायचा नाही. स्किझोफ्रेनियाने तिच्या डोक्यातला कामांचा क्रमच विसकटून टाकला होता. साखरेचा डबा हातात घेऊन ती उभी राही आणि पुढे काय करायचं तेच विसरे. मग आई दाराजवळच्या स्टुलावर बसून तिला एकेक गोष्ट सांगे.

आता स्टूल रिकामं होतं आणि चहा रोज बरोबर होत होता. तिच्या वडिलांना, विश्वासरावांना, आधी बरंच वाटलं. मग लक्षात आलं, प्रत्येक गोष्ट करण्याआधी ती थांबते, स्टुलाकडे कान करते आणि "हं" म्हणते.

डॉक्टरांनी नवी गोळी दिली. "याने आवाज बंद होतील," ते म्हणाले.

दुपारी तिची गोळी हातात घेऊन विश्वासराव स्वयंपाकघरात आले. "अरुणा, चहाचं कोण सांगतं गं तुला?"

"आई. और कौन?" ती हसली. "आज म्हणते, तिघांचं आधण ठेव. बाबा, आधण म्हणजे काय?"

ते गारठले. हा शब्द प्रमोदिनीबाईंनी दिल्लीत आल्यावर, अरुणाच्या जन्माआधीच सोडला होता. लेकीशी बोलताना त्या नेहमी पाणीच म्हणत.

गोळी दिली की हा आवाज जाणार होता. त्यांनी मूठ मिटली आणि उत्तर द्यायला तोंड उघडलं.

त्याआधीच अरुणाने स्टुलाकडे कान केला.

"अच्छा, पाणी!" ती म्हणाली आणि तिसरा कप काढला.