दुःखाची फेरमोजणी

भूसंपादन कार्यालयातलं दुःख मोजायचं हेल्मेट वत्सलाच्या डोक्यावरून काढत कारकून म्हणाला, "मावशी, शून्य आलं. दिलासा रक्कम मिळणार नाही."

कालच तिने शेताची ओटी भरून, बांधावर पोटभर रडून निरोप घेतला होता. आज रडायला काही उरलंच नव्हतं.

वीस वर्षांत शिवारात न फिरकलेल्या दिराने मात्र रडण्याचा क्लास लावला होता. त्याचे ब्याण्णव आले. "वहिनी, आधी मला विचारायचंत," म्हणत त्याने पेढा पुढे केला.

तिने पेढ्याचा हात दूर सारला. कारकुनाने फेरमोजणीला तिच्या डोक्यावर पुन्हा हेल्मेट चढवलं, तर काटा थेट शंभरावर.

"आलं बघा दुःख," तो खुशीत म्हणाला.

"दुःख नाही, शिसारी आलीय," वत्सला म्हणाली. "तसंच लिहा."