नावाडी

"कोणाला मारायचं ते ठरलं का?" पुण्याहून प्रकाशकांनी फोनवर विचारलं.

"ठरल्यातच जमा," राजेंद्र म्हणाला आणि कानाची पाळी चोळत खिडकीबाहेर बघू लागला.

'काजळद्वीप' महागाथेचे सहा खंड झाले होते. सातवा शेवटचा. सतरा वर्षं राजेंद्र त्या बेटावर अडकला होता. सुटायचं तर युद्ध संपवायला हवं, आणि युद्ध संपवायचं तर कोणीतरी मरायला हवं. घोडं तिथेच अडलं होतं.

चूक सुरुवातीलाच झाली. पात्रं सुचेनात म्हणून त्याने रत्नागिरीतल्या आपल्या मांडवी भागातली माणसं उचलली, कोणाला मुकुट घातला, कोणाला शेपूट लावलं. लोकांनी एकमेकांना ओळखलं, पोट धरून हसले. मग दुसऱ्या खंडात गजसेनापती मेला आणि महिन्याभरात एसटीचे निवृत्त कंट्रोलर काशीराम गेले. सेनापतीसारखेच तेही डावा पाय ओढत चालायचे. तिसऱ्यात राजवैद्य मेला आणि मागोमाग भागोजी कंपाउंडर.

दोघेही ऐंशीच्या पुढचे होते. मांडवीने ते जमेस धरलं नाही.

बँकेतला विनोद आंब्याची पेटी घेऊन आला आणि जाता जाता विचारता झाला, आमच्या राक्षसाची तब्येत बरी आहे ना? न्हाव्याने आपल्या पात्राबद्दल तोच प्रश्न वस्तरा गळ्याशी टेकवून विचारला. राजेंद्र सगळ्यांना सांगायचा, मी असलं काही मानत नाही. पण चौथ्या खंडातलं महायुद्ध तीनशे पानं चाललं, आणि मुरगळलेल्या घोट्यापलीकडे कोणाला काही झालं नाही. हे युद्ध आहे की कबड्डी, असं वाचक कळवू लागले. त्या खंडाला पुरस्कार मिळाला तोही टपालाने घरी आला. राजेंद्र रत्नागिरीबाहेर पडायचाच नाही.

आता प्रकाशकांनी गणपतीपर्यंत मुदत दिली होती. मुडदा नाही तर पुस्तक नाही.

राजेंद्रने वही आखली. एका बाजूला पात्रं, समोर माणसं. सत्तेचाळीस नावं भरली, एकापुढची जागा कोरी राहिली. म्हातारा नावाडी. सैन्यं, राण्या, राक्षस, सगळ्यांना पैलतीरी पोचवणारा. स्वतः मात्र सहा खंडांत एकदाही होडीतून उतरला नव्हता.

शालनने, त्याच्या बायकोने, वही पाहिली. मग त्याच्याकडे पाहिलं. "याच्यासमोर कोणीच नाही? नीट बघितलंत?"

"दोनदा."

एकोणीस पानांत त्याने नावाडी बुडवला. फार दिवसांनी हात सैल सुटला होता.

पुस्तक आलं. भांडायला कोणी आलं नाही. उलट विनोदने खांद्यावर हात ठेवून, परगावी दिलेली मुलगी भेटायला कधी येणार, असं विचारलं. न्हाव्याने न सांगता डोक्याला मालिश केली. सकाळी दारावर आलेल्या कोळणीने, गोदाने, सुरमईचे मधले तुकडे ताटलीत ठेवले आणि भाव बोललीच नाही.

"काय गोदा, आज घासाघीस नाही?"

"असू दे, भाऊ. खावा."

राजेंद्र हसला. "नावाड्याचं कोणालाच वाईट वाटलेलं दिसत नाही. बघ, मी म्हणत नव्हतो? हे मेलं की ते मरतं, मी असलं काही मानतच नाही."

गोदाने टोपली डोक्यावर चढवली. "तो कोण ते आमी पयल्या पुस्तकापासून ओळखून हाव, भाऊ. खोटं बोलताना कानाची पाळी चोळायचा ना तो."

राजेंद्रचा हात अजून पाळीवरच होता.