मंडळाला आवडलेलं बदक

सोव्हिएत कार्टूनपटातला प्रत्येक प्राणी मुलांना सत्याच्या वाटेवर नेतो, असं स्टुडिओच्या कलामंडळाचं ब्रीद होतं. मंगळवारी मंडळापुढे आलेल्या पटकथेत हे काम एका बदकाकडे होतं. छातीभर पदकं लावून ते ओंडक्यावर चढे आणि दिसेल त्याला भाषण ठोके.

बदक घातलं होतं ते कापण्यासाठीच. काहीतरी कापल्याशिवाय मंडळाला जेवण जात नसे, म्हणून मॉस्कोतले मुरलेले पटकथालेखक आधीच एक बळीचा बकरा बांधून ठेवत. या पटकथेचा लेखक वेनियामिन लाझारेविच, त्याला वाचवायचा होता तो खिडकीशी बसलेला ससुला. बाप दोन अनोळखी कोल्ह्यांबरोबर गेला तो आलाच नाही. पिल्लू रोज त्याच्या जागेवर चहाचा पेला मांडतं. एवढाच प्रसंग. शाळेत जायला लागल्यापासून वेनियामिन तो मनात लिहीत होता.

"बदक उत्तम!" अध्यक्षा कापितोलिना येगोरोव्ना म्हणाल्या. "किती जबाबदार! अगदी आपल्यातलं वाटतं."

सगळ्यांनी माना डोलावल्या. दिग्दर्शक रोदिऑनने टेबलाखालून वेनियामिनच्या पायावर पाय दिला.

"पण हा ससुला कुणाची वाट बघतोय?" अध्यक्षांनी विचारलं.

"बापाची."

"आणि बाप कुठंय?"

"ते तुम्हीच सांगा, कापितोलिना येगोरोव्ना. तेव्हा मी लहान होतो. तुम्ही मोठ्या होतात."

कुणीतरी उगाच पाणी ओतून घेतलं. मग कोपऱ्यातले एक सदस्य मदतीला धावले. "बाप ध्रुवावर मोहिमेला गेलाय असं करू या की. शेवटी गाजरं घेऊन येईल."

वेनियामिन उठला तशी खुर्ची मागे आडवी झाली.

"गाजरं घेऊन? अहो, माझ्या बापाला उचलून नेलं त्या रात्रीपासून आईनं मरेपर्यंत दाराला कडी लावली नाही! कुणी गाजरं आणली नाहीत! काढा माझं नाव. बदकाचं लावा, तेच बसलंय इथं सगळ्या खुर्च्यांवर!"

"नाव काढू," अध्यक्षा शांतपणे म्हणाल्या. "ससाही काढू. पण बदकाचे पुढचे भाग लागतील. ते कोण लिहिणार?"

रोदिऑनने वाकून खुर्ची उचलली. "बस रे बाबा," तो पुटपुटला.

दुसरा भाग वेनियामिन लाझारेविचनेच लिहिला. तिसराही.