वरचा थर

"आत कुणी तोंडातून ब्रसुद्धा काढायचा नाही," लेण्याच्या दाराशी गाइड खरातांनी सहाही पर्यटकांना बजावलं. "हा दगड आवाज साठवतो. नवा आवाज पडला, की वरचा थर पुसला जातो."

बाकीचे कानाला थर ऐकवणारं यंत्र लावून प्राचीन भिक्खूंचं पठण ऐकू लागले. हेमलताने मात्र सगळ्यात वरचा थर लावला. लेणं मध्यंतरी बंद होण्याआधीच्या शेवटच्या सहलीत तिची ऋजुता इथे हुंदडली होती. नंतर पुराने लेक नेली, घर नेलं, फोनही नेले. पोरीचा आवाज आता फक्त या भिंतीत होता.

खरखरीतून अचानक, अगदी कानाशी हाक आली, "आई! ए आई!"

"ओ!" हेमलताच्या तोंडून निघून गेलं.

मग ती वेड्यासारखी पुन्हा पुन्हा तोच थर लावत राहिली. भिंत दर वेळी तिचंच 'ओ' ऐकवत होती.