वटवाघळानंतरची उडी

टीव्हीवरचा छोटा माणूस पुन्हा गुहेतल्या खड्ड्यात पडला. व्हिडिओ गेमचा खेळ पहिल्यापासून सुरू झाला. मंदाकिनीबाईंनी खेळून खेळून सुजलेल्या अंगठ्याने बटण दाबलं.

मागे पलंगावर लेक ऋजुता भिंतीकडे तोंड करून पडली होती. ठरलेलं लग्न मोडल्यापासून अकरा दिवस ती धड जेवत नव्हती, बोलत नव्हती. लहानपणी याच खेळापायी ती जेवण विसरायची, म्हणून बाईंनीच तो माळ्यावर टाकला होता. काहीच सुचेना, तेव्हा आज खाली काढला.

माणूस पुन्हा पडला.

"अगं आई, वटवाघूळ जाऊ दे, मग उडी मार!"

ऋजुताने मान टीव्हीकडे वळवली होती. खड्डा पार झाला तर लेक पुन्हा भिंतीकडे वळेल. बाईंनी मुद्दाम घाईने उडी मारली.

"शी! तुला नाहीच जमायचं. दे इकडे," म्हणत ऋजुता उठून बसली.